चालता चालता सुचतं, म्हणजे नेमकं काय होतं?

हिवाळा लागला की बडोद्यात रविवारी सकाळी जुन्या शहराच्या मधोमध असलेल्या मांडवीच्या आसपास माणसांचे घोळके दिसू लागतात. कुणी जुन्या शहराची माहिती ऐकायला आलेलं असतं, कुणी कॅमेरा घेऊन, कुणी वही घेऊन. लेखनाच्या कार्यशाळांतही हल्ली हमखास सांगतात, तासभर पायी फिरून या आणि मग लिहायला बसा. मोबाइल तर रोज रात्री आपल्या पावलांचा हिशेब मांडतोच. हे सगळं बघून पुष्कळांना प्रश्न पडतो: चालण्याचा आणि लिहिण्याचा खरंच काही संबंध आहे, की कवींनी पसरवलेली ही एक गोड समजूत? आणि ज्या गावात जन्म गेला, ते गाव कळायला पुन्हा पायी कशाला हिंडायचं?

संबंध आहे, आणि तो काही प्रमाणात मोजताही आला आहे. फक्त लोक त्याला जिथे शोधतात तिथे तो थोडाच सापडतो. मोकळ्या हवेत मन हलकं होतं म्हणून सुचतं, हे उत्तर खोटं नाही, पण अपुरं आहे. मला त्यातला मोठा वाटा जागांचा वाटतो. पायी चाललेली जागा डोक्यात पक्की बसते, आणि जी जागा पक्की बसली तिच्याच आधाराने पुढे माणसं, प्रसंग आणि शब्द जमत जातात.

आधी मेंदूचं थोडं

आपल्या कानांच्या आतल्या बाजूला, मेंदूत खोलवर, हिप्पोकॅम्पस नावाचा एक छोटा भाग असतो. आपण कुठे आहोत याचा हिशेब तो ठेवतो. १९७१ साली लंडनमध्ये जॉन ओकीफ यांनी उंदरांच्या मेंदूतल्या अशा पेशी दाखवून दिल्या, ज्या उंदीर एका ठरावीक जागी आला की चेततात. कोपऱ्यात आला की एक पेशी, दाराशी आला की दुसरी. २००५ मध्ये नॉर्वेच्या मे-ब्रिट आणि एडवर्ड मोझर यांनी त्याच्या शेजारच्या भागात आणखी एका प्रकारच्या पेशी शोधल्या. जमिनीवर जाळी आखावी तशा रीतीने त्या अंतर आणि दिशा मोजतात. या तिघांना २०१४ चं नोबेल मिळालं. माणसाच्या आणि प्राण्याच्या डोक्यात जागेचा एक नकाशा तयार होतो, ही कल्पना एडवर्ड टोलमन या मानसशास्त्रज्ञाने १९४८ मध्येच मांडली होती. तो नकाशा कुठे आणि कसा तयार होतो, हे पुढे या पेशींनी दाखवलं.

लेखनाच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट यापुढे आहे. आपल्या आयुष्यातले प्रसंग लक्षात ठेवायचं कामही हाच हिप्पोकॅम्पस करतो. म्हणून एखादा प्रसंग आठवायचा म्हटलं की आधी जागा आठवते. मावशीने काय सांगितलं होतं ते नीट आठवत नाही, पण ती स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी बसली होती हे लख्ख दिसतं, आणि उंबरा दिसला की तिचं वाक्यही येतं. जुन्या वाड्यांत भिंतीला रांगेने खुंट्या असायच्या. त्यांच्यावर कंदील, पिशवी, पगडी, काय हवं ते टांगता यायचं. चालून माहीत झालेली प्रत्येक जागा ही मनातली एक खुंटी. ती नसेल तर सुचलेलं टांगायला जागा उरत नाही, आणि ते खाली पडून हरवतं. प्राचीन ग्रीस आणि रोममधले वक्ते लांबलचक भाषणं पाठ करताना हेच करत. ओळखीच्या घरातून मनातल्या मनात चालायचं आणि एकेका खोलीत एकेक मुद्दा ठेवून यायचं.

गाडीवरून जातानाही जागा दिसतातच की, असं कुणी म्हणेल. दिसतात, पण त्या वेगात डोळे समोरच्या वाहनावर असतात आणि जागा सिग्नलपुरती उरते. पायी माणूस तासाला चार-पाच किलोमीटर जातो. त्या वेगात दुकानाची पाटी वाचून होते, वरच्या मजल्याच्या लाकडी नक्षीवर नजर जाते, आणि कुणी हाक मारली तर थांबता येतं.

'सुचणं' मोजतात कसं?

२०१४ मध्ये अमेरिकेच्या स्टॅनफर्ड विद्यापीठातल्या मॅरिली ओपेझो आणि डॅनियल श्वार्ट्झ यांनी चार प्रयोगांचा निष्कर्ष प्रसिद्ध केला. त्यांत १७६ जण सहभागी होते. त्यांना रोजच्या वापरातल्या एखाद्या वस्तूचे नेहमीपेक्षा वेगळे उपयोग सांगायला लावले, बसून आणि चालताना. चालताना नव्या कल्पना सरासरी ६० टक्के जास्त सुचल्या. कोऱ्या भिंतीकडे तोंड करून चालण्याच्या यंत्रावर चालवलं तरी फायदा झाला, आणि नंतर खाली बसल्यावरही तो थोडा वेळ टिकला. म्हणजे पायांच्या हालचालीतच काही आहे, हे मान्य करावं लागतं.

पण चौथा प्रयोग मला जास्त बोलका वाटतो. त्यात लोकांना उपमा द्यायला सांगितलं होतं, म्हणजे सरळ साहित्याचंच काम. काहींना आत बसवलं, काहींना आत यंत्रावर चालवलं, काहींना बाहेर पायी फिरवलं, तर काहींना चाकाच्या खुर्चीतून बाहेर फिरवून आणलं. सगळ्यांत ताज्या आणि चांगल्या उपमा बाहेर पायी चाललेल्यांच्या होत्या. पाय आणि परिसर दोन्ही एकत्र आले तेव्हा भाषा सर्वांत मोकळी झाली.

याच संशोधनात एक इशाराही आहे आणि तो सहसा कुणी सांगत नाही. ज्या कोड्यांचं एकच नेमकं उत्तर असतं, ती सोडवताना चालणाऱ्यांची कामगिरी किंचित घसरली. म्हणून पहिला विचार चालताना करावा, आणि कवितेतला नको असलेला शब्द काढायचा असेल तेव्हा मात्र टेबलाशी बसावं.

स्थळभान: एक शब्द समजून घेऊ

एखाद्या जागेशी आपलं जे ओळखीचं, आपलेपणाचं, कधी दुखरंही नातं असतं, त्याला स्थळभान म्हणूया. ते पत्त्याहून वेगळं. पत्ता पोस्टमनलाही ठाऊक असतो. स्थळभान असणाऱ्याला त्या वळणावर पावसाचं पाणी किती वेळ साचतं आणि दुपारी तीनला सावली कुठल्या बाजूला असते, हे माहीत असतं.

हे भान शहराच्या आकारावरही अवलंबून असतं. केव्हिन लिंच या अमेरिकी नगररचनाकाराने बॉस्टन, जर्सी सिटी आणि लॉस एंजेलिसच्या रहिवाशांना विचारून १९६० मध्ये मांडलं की लोक आपलं शहर पाच गोष्टींनी मनात धरतात: वाटा, कडा, वस्त्या, चौक आणि खुणा. ज्या शहरात या पाच गोष्टी ठळक असतात, ते मनात पटकन उभं राहतं.

बडोद्याचं जुनं शहर म्हणजे याचं वस्तुपाठासारखं उदाहरण. मधोमध मांडवी. पश्चिमेला लहेरीपुरा दरवाजा, पूर्वेला पाणीगेट, उत्तरेला चांपानेर दरवाजा, दक्षिणेला गेंडीगेट. चार रस्ते सरळ मांडवीत येऊन मिळतात. लहान मुलानेही मातीत काडीने दोन रेघा ओढाव्यात आणि शहराचा नकाशा तयार व्हावा, इतकी साधी रचना आहे ही. पण त्या रेघांच्या मधल्या चौकोनांत पोळी आहेत, म्हणजे दाट वस्तीच्या जुन्या गल्ल्या, पोळींत खडक्या, म्हणजे घरांचे छोटे पुंजके, खडक्यांत वाडे, आणि तिथला नकाशा फक्त पायांना कळतो.

दांडिया बाजारातून निघून मांडवीपर्यंत चालत जाऊन बघा. अरविंद घोष बडोद्याच्या नोकरीत (१८९३ ते १९०६) ज्या घरात राहिले ते वाटेत लागतं. पुढे सूरसागर तलावाचा काठ. समोर संगीत महाविद्यालय, ज्याचं मूळ मौलाबक्षांच्या १८८६ च्या गायनशाळेत आहे. सकाळच्या वेळी तिथून तंबोरा जुळवल्याचा आवाज येतो, आणि बाहेर रिक्षावाल्यांची बोलाचाली चालू असते. मग १८९६ मध्ये बांधलेलं न्यायमंदिर, म्हणजे जुनं कोर्ट, लहेरीपुऱ्याची कमान, मंगळ बाजारातली कापडाची आणि बांगड्यांची गर्दी. वाटेत सेव-उसळीचे ठेले लागतात. आपली मटकी-वाटाण्याची उसळ गुजरातेत आली, तिच्यावर मूठभर शेव पडली, आणि ती या शहराची ओळख झाली. गायकवाडांबरोबर आलेल्या माणसांचा सगळा इतिहास त्या एका बशीत आहे, पण हे बशी हातात धरून रस्त्याच्या कडेला उभं राहिल्याशिवाय मनाला भिडत नाही.

एका गल्लीत मी वरच्या मजल्याची लाकडी कोरीव टेकणं बघत उभी होते. ओट्यावर लसूण सोलत बसलेल्या आजींनी विचारलं, "कोणाकडे आलात?"

"कोणाकडे नाही आजी, नुसतं बघत होते."

"बघा की. वर आता कोणी नसतं. मुलं सगळी गोत्रीला गेली, लिफ्टच्या घरात. मला म्हणतात चल. मी म्हटलं, तिथे ओटा कुठाय?" मग जरा थांबून म्हणाल्या, "उभ्या का? बसा. पाणी घेता?"

"तिथे ओटा कुठाय?" या तीन शब्दांत जुन्या आणि नव्या बडोद्यातला फरक आहे. ओट्यावर बसणारं माणूस रस्त्यावरच्या माणसाला प्रश्न विचारू शकतं. सोसायटीच्या फाटकाशी प्रश्न विचारायला पहारेकरी असतो आणि तो वहीत सही घेतो.

आपल्या मराठीत हे नवं नाही

इंग्लंडचे वर्ड्सवर्थ डोंगरात हिंडून कविता करत, जपानचे बाशो १६८९ मध्ये दूर उत्तरेकडे पायी गेले, ही उदाहरणं नेहमी दिली जातात. पण मराठी गद्याचा पायाच चालण्यावर उभा आहे, हे आपण विसरतो.

चक्रधरस्वामी गेल्यानंतर, १२७८ च्या सुमारास, म्हाइंभट गावोगाव हिंडले. स्वामींना पाहिलेल्या, त्यांच्याशी बोललेल्या माणसांना गाठून त्यांनी एकेक आठवण गोळा केली, आणि त्यातून लीळाचरित्र झालं. मराठीतला हा आद्य गद्यग्रंथ एका जागी बसून लिहून होणारा नव्हताच. त्यातली वाक्यं छोटी, बोलल्यासारखी आहेत आणि जवळपास प्रत्येक लीळा कुठल्या तरी गावात, देवळात, ओढ्याकाठी घडते.

महानुभावांनी यापुढे जाऊन आणखी एक ग्रंथ केला. मला तर तो जगातल्या कुठल्याही स्थळवर्णनाच्या शेजारी ठेवावासा वाटतो. चौदाव्या शतकातली स्थानपोथी. चक्रधरस्वामी जिथे जिथे राहिले, बसले, जेवले, त्या जागांची ती नोंद आहे. गावाच्या कुठल्या बाजूला देऊळ, त्याचं दार कुठल्या दिशेला, आवारात आणखी कुठली देवळं, स्वामी नेमके कुठे बसले. सजावट नाही, विशेषणं नाहीत. तरीही वाचताना डोळ्यांसमोर आवार उभं राहतं, कारण लिहिणारा तिथे स्वतः उभा राहिला होता. बडोद्याच्या वाचकाला यात आणखी एक धागा सापडेल. परंपरा सांगते की चक्रधर मूळचे भडोचचे राजपुत्र. भडोच इथून ७०-७५ किलोमीटरवर. रामटेकच्या यात्रेचं निमित्त करून ते निघाले आणि पायी हिंडत महाराष्ट्रात आले. गुजरातेतून चालत गेलेल्या एका माणसामुळे मराठी गद्य आकाराला आलं.

विष्णुभट गोडसे १८५७ मध्ये कोकणातल्या वरसईहून दक्षिणा मिळवायला उत्तरेत गेले आणि बंडाच्या धामधुमीत सापडले. झाशीचा वेढा त्यांनी शहरात राहून पाहिला. त्यांनी पुढे लिहिलेली हकीगत आजही जिवंत वाटते, कारण ती सेनापतींच्या नजरेतून नाही, वाटसराच्या नजरेतून लिहिलेली आहे. इरावती कर्वे आळंदीच्या पालखीबरोबर चालल्या. ज्या प्रदेशाचे लोक पंढरीला जातात तो महाराष्ट्र, अशी एक नवी व्याख्या त्यांना वाटेत सापडली. त्याच वाटेवर ब्राह्मणांची आणि मराठ्यांची जेवणं वेगळी होताना पाहून त्यांना झालेलं दुःखही त्यांनी लपवलं नाही. चालण्याने नुसतं प्रेम वाढतं असं नाही, भेगाही दिसतात.

त्यांच्या व्याख्येने पाहिलं तर बडोद्याचाही एक कोपरा त्यात यावा. मांडवीजवळच्या विठ्ठलमंदिरातून आषाढी आणि कार्तिकी एकादशीला विठ्ठलनाथजींची पालखी निघते आणि त्या दिवशी हे रस्ते गुजराती आणि मराठी अशा दोन्ही भाषांत नामघोष करतात.

आणि काका कालेलकर तर आपलेच. साताऱ्यात जन्मलेला हा मराठी माणूस बडोद्याच्या गंगनाथ विद्यालयात शिक्षक होता. ती शाळा बंद पडल्यावर १९१२ मध्ये ते हिमालयात पायी फिरायला गेले. पुढे त्यांनी त्या प्रवासावर आणि देशभरच्या नद्यांवर गुजरातीत असं काही लिहिलं की गांधीजी त्यांना सवाई गुजराती म्हणू लागले. परक्या भाषेत इतकं घरच्यासारखं कसं लिहिता आलं? मला वाटतं, ज्या नद्यांवर ते लिहीत होते त्यांच्या काठाने ते चालले होते, हे त्याचं एक कारण नक्की आहे.

"पण बसल्या जागी लिहिणारे मोठे लेखक आहेतच की"

आहेत. तुरुंगातून लिहिलेलं आहे, अंथरुणाला खिळून लिहिलेलं आहे. चालणं ही लेखनाची अट नाही. पण अशा लेखनातही पूर्वी पायांखालून गेलेल्या जागा पुन्हा पुन्हा येतात. ज्याला आता बाहेर पडता येत नाही त्याच्याकडे कधीकाळी चाललेल्या वाटांचा साठा असतो. ज्यांना पायांनी चालता येत नाही, ते चाकाच्या खुर्चीतून त्याच सावकाश गतीने गल्लीत गेले तरी परिसर त्यांच्याशी बोलतोच. प्रयोगातला फरक सरासरीचा होता, कुणाच्या कुवतीचा नव्हे.

"रोज तोच रस्ता, त्यात काय सुचणार?"

या आक्षेपाचं उत्तर मला बडोद्याच्या चित्रकारांनी दिलं. भूपेन खख्खर (१९३४–२००३) इथे आयुष्याचा मोठा काळ राहिले. १९७२ च्या सुमारास त्यांनी घड्याळ दुरुस्त करणारा आणि शिंपी यांना त्यांच्या दुकानात बसलेलं रंगवलं. त्या काळी भारतीय चित्रकलेत असले विषय फारसे नव्हते. ही दुकानं काही शोधून काढावी लागत नव्हती. ती रोजच्या वाटेवर होती आणि सगळे त्यांच्यासमोरून जात होते. रोज त्याच वाटेने गेल्यावर केव्हातरी दुकानातला माणूस दुकानापासून सुटा होऊन दिसायला लागतो, त्याचा चष्मा, त्याच्या मागची दिनदर्शिका, त्याची वाट बघण्याची पद्धत.

नवा रस्ता आपल्याला चकित करतो. जुन्या रस्त्यावर बदल कळतो: काल उघडं असलेलं दार आज बंद आहे, पिंपळाची फांदी तोडली आहे, पाटीवरचं देवनागरी नाव जाऊन तिथे उजळ प्लास्टिक आलं आहे. कथा बहुतेक वेळा अशा बदलापासूनच सुरू होते.

"फोनमध्ये नकाशा असताना डोक्यात कशाला?"

२०१७ मध्ये लंडनच्या संशोधकांनी एक प्रयोग प्रसिद्ध केला. मेंदूचं चित्रण करणाऱ्या यंत्रात झोपून लोक पडद्यावर सोहो भागाच्या गल्ल्यांतून वाट काढत होते. स्वतः वाट शोधताना, विशेषतः जिथे पुढे बरेच फाटे होते तिथे, हिप्पोकॅम्पसची धावपळ वाढत होती. यंत्राने 'डावीकडे वळा' असं सांगितलं की ती वाढ दिसत नव्हती. काम दुसरं कुणी करतंय म्हटल्यावर मेंदूने ते सोडून दिलं.

म्हणून फोन फेकून द्यायची गरज नाही. परगावी रात्री उतरलो तर त्याच्यासारखा सोबती नाही. पण आपल्याच गावात, आपल्याच पोळीत, तो खिशात राहू द्यावा. चुकलात तर कुणाला तरी विचारावं लागेल. विचारलंत की बोलणं होतं. रोजच्या दहा हजार पावलांचंही तसंच. तो आकडा लोकप्रिय झाला तो १९६५ च्या एका जपानी पाऊलमोजणी यंत्रामुळे. तब्येतीला चालणं चांगलंच, पण आकडा पुरा करायला गच्चीवर घातलेल्या फेऱ्यांतून गाव कळणार नाही.

"चालायचं कुठे? फुटपाथ आहे कुठे?"

हा आक्षेप सगळ्यांत खरा आहे आणि त्याला गोड उत्तर देणं अप्रामाणिकपणाचं ठरेल. फुटपाथ असला तर त्यावर दुचाकी उभी असते. एप्रिल-मेमध्ये उन्हाचा पारा चाळिशीच्या वर जातो. मोकाट गुरं आणि उलट्या बाजूने येणाऱ्या गाड्या चुकवत जावं लागतं. वयस्कर माणसाला एवढ्यात चालायला सांगणं म्हणजे धोक्यात घालणं. त्यामुळे वेळ निवडावी लागते: नोव्हेंबर ते फेब्रुवारीच्या सकाळी, किंवा पावसाची सर येऊन गेल्यावर. सयाजीबाग १८७९ पासून लोकांसाठीच आहे आणि तिथे विश्वामित्री नदीही भेटते.

बायकांच्या बाबतीत प्रश्न आणखी एक पायरी वर जातो. पुरुष कोपऱ्यावर उगाच उभा राहिला तर तो उभा आहे इतकंच. बाई उभी राहिली की तिला कारण सांगावं लागतं. म्हणून साहित्यातला रस्त्यावर रेंगाळणारा, निरीक्षण करणारा निवेदक बहुतेक पुरुष असतो. आम्हा बायकांकडे निरीक्षण कमी नव्हतं, सवड आणि मुभा कमी होती. बडोद्यात मात्र वर्षाचे नऊ दिवस याला अपवाद असतात. नवरात्रात गरबा संपल्यावर मध्यरात्री बायका-मुली घोळक्याने पायी घरी जातात, चपला हातात, रस्त्याच्या मधोमध, मोठ्याने हसत. तेच शहर, तेच दिवे, पण त्या नऊ रात्रींत त्यांना ते पूर्ण दिसतं. ही मुभा उरलेल्या रात्रींतही मिळाली, तर या शहराबद्दल आजवर न लिहिलेलं किती तरी लिहिलं जाईल, याची मला खात्री आहे.

"साहित्याचं ठीक, पण शहराला याचा उपयोग काय?"

स्कॉटलंडचे पॅट्रिक गेडिस मुळात जीवशास्त्रज्ञ, पुढे नगररचनाकार झाले. १९१६ मध्ये त्यांनी बडोद्यावर अहवाल लिहिला, नंतर इंदूरवरही. त्यांचा आग्रह असे की आधी गल्लीगल्लीतून पायी हिंडा, माणसं कशी राहतात ते पाहा, मग कागदावर रेघ ओढा. जुनी वस्ती सरसकट पाडून रुंद रस्ता काढण्यापेक्षा, पडका भाग तेवढा काढावा, विहीर आणि झाड वाचवावं, थोडी मोकळी जागा करावी. शंभर वर्षांपूर्वीचा हा सल्ला आजच्या कुठल्याही आराखड्यापुढे ठेवता येईल.

ऑगस्ट २०२४ चा विश्वामित्रीचा पूर आम्ही विसरलेलो नाही. पाणी वस्त्यांत शिरलं, त्याबरोबर मगरीही आल्या, आणि देशभरच्या वाहिन्यांवर त्याच दिसत राहिल्या. त्या दिवसांत जुन्या माणसांच्या बोलण्यात सारखं यायचं की इथे पूर्वी कांस होती, तिथे तळं होतं, हा उतार नदीकडे जातो. कांस म्हणजे पावसाचं पाणी वाहून नेणारा ओहोळ. ही माहिती त्यांना कुठल्या नकाशातून मिळालेली नव्हती. लहानपणी त्या उतारावरून ती शाळेत गेली होती. नव्या वस्तीतल्या माणसाला आपण कुठल्या पाण्याच्या वाटेवर घर बांधलंय हे पाणी आल्यावर कळलं. स्थळभान गेलं की कवितेचं नुकसान होतंच, पण गुडघाभर पाण्यात उभं राहायची वेळही येते.

सुरुवात कशी करावी

स्थानपोथीची रीत घ्या. तिच्याहून चांगली लेखन-कार्यशाळा मला माहीत नाही. आपल्या घरापासून पायी जाता येईल अशी एक जागा निवडा. एकोणिसाव्या शतकातले बडोद्याचे दिवाण भाऊ तांबेकर यांचा वाडा घ्या, त्याच्या आतल्या भिंतींवर कृष्णलीलांपासून लढायांपर्यंतची चित्रं आहेत. किंवा त्याहून बरं, ज्याचं नाव कुठल्याच पुस्तकात नाही असा आपल्या आजोळचा वाडा, खंडेराव मार्केटमधली फुलांची एक ओळ, शाळेच्या वाटेवरचं मारुतीचं देऊळ घ्या. वहीत आधी फक्त एवढंच लिहा: दार कुठल्या दिशेला. किती पायऱ्या, दगडाच्या की फरशीच्या. डाव्या हाताला काय, उजव्या हाताला काय. पाटी कुठल्या लिपीत आणि कुणाच्या नावाची. कोण कुठे बसतं, किती वाजता. 'सुंदर', 'भव्य', 'मनमोहक' हे शब्द त्या पानावर येऊ देऊ नका. दुसऱ्या वेळी जाल तेव्हा तेच पान पुन्हा लिहा आणि काय बदललं ते खाली नोंदवा. कुणी "कोणाकडे आलात?" विचारलं तर खरं उत्तर द्या, आणि ते जे सांगतील ते त्यांच्याच शब्दांत, त्यांच्या गुजराती-मिश्रित मराठीसकट, तिथेच उतरवा. घरी येऊन सुधारू नका.

जुन्या शहरातले वाडे झपाट्याने उतरवले जात आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांची अशी एका पानाचीही नोंद नाही. निदान आपल्या पोळीपुरती ती या हिवाळ्यात करून ठेवा. फेब्रुवारी संपला की ऊन वाढेल.